असईच्या आधींचे तीन महिने

शहागंजाच्या चौकांत, घड्याळाच्या मनोऱ्याजवळ, गेल्या पावसाळ्यांत एका विद्यार्थ्याच्या वडिलांची व माझी गांठ पडली. गृहस्थ व्यापारी, स्पष्टवक्ते, व मुलाच्या अभ्यासावर बारीक लक्ष ठेवणारे. कुशलप्रश्न झाल्यावर ते म्हणाले, "मास्तरसाहेब, रागावूं नका, पण वसईचा तह, देवगांवचा तह, सुर्जी-अंजनगांवचा तह, यांचीं कलमें आमच्या चिरंजीवांनीं पाठ करून पुढें काय करावयाचें? दोनशें वर्षांपूर्वीं मेलेल्या माणसांचे कागद ते!" मीं त्या वेळीं हंसून विषय टाळला, कारण पावसाची सर आली होती आणि आम्ही दोघेही एका दुकानाच्या वळचणीला उभे होतों. परंतु प्रश्न मनांतून गेला नाहीं. वार्षिकासाठीं लेख मागण्यांत आला तेव्हां त्या गृहस्थांस उत्तर द्यावें असें ठरविलें. उत्तर थोडें लांबलें आहे, याबद्दल त्यांची व इतर पालकांची आधींच क्षमा मागतों.

असई हें गांव आपल्यापासून फार दूर नाहीं. जुन्या औरंगाबाद जिल्ह्यांतून १९८१ सालीं जालना जिल्हा वेगळा निघाला, त्यांत तें आतां मोडतें. केळणा व जुई या दोन लहान नद्यांच्या बेचक्यांत, भोकरदनच्या बाजूस, २३ सप्टेंबर १८०३ रोजीं दौलतराव शिंदे व नागपूरकर रघूजी भोसले यांच्या सैन्यावर जनरल आर्थर वेलस्ली यानें सुमारें साडेचार हजार कवाइती फौजेनिशीं हल्ला केला. मराठ्यांच्या जवळजवळ शंभर तोफा त्याच्या हातीं लागल्या. परंतु त्याचीं दीड हजारांहून अधिक माणसें ठार वा जखमी झालीं, म्हणजे तिघांत एक. पुढें वॉटर्लूच्या रणांत नेपोलियनचा पाडाव करून ड्यूक ऑफ वेलिंग्टन म्हणून जगप्रसिद्ध झालेल्या या सेनापतीनें, आपल्या हातून झालेलें सर्वांत उत्तम रणकृत्य कोणतें, असें विचारलें असतां असईचेंच नांव घेतलें, हें प्रसिद्धच आहे.

केळणेला येथें उतार नाहीं, असें वाटाडे सांगत असतां, नदीच्या दोन्ही कांठांवर समोरासमोर दोन गांवें दिसतात त्या अर्थीं मध्यें उतार असलाच पाहिजे, असा तर्क त्यानें केला व तो खरा ठरला. ही गोष्ट वर्गांत सांगतांच मुलांचे डोळे चमकतात. माझेही चमकत असत. परंतु त्यानंतर मी जेव्हां विचारतों कीं, "ही लढाई शिंदे-भोसले कां हरले?" तेव्हां तेच चमकणारे डोळे खालीं वळतात आणि तयार उत्तर येतें: "फूट आणि फितुरी, सर." हें उत्तर खोटें आहे असें मी म्हणत नाहीं. तें आळशी आहे. कोणत्याही पराभवाला तें लागू पडतें, आणि जें सर्वत्र लागू पडतें त्यानें विशेष असें कांहींच कळत नाहीं. माझें मत असें आहे कीं असईचा निकाल केळणेच्या कांठीं लागण्यापूर्वींच बव्हंशीं लागला होता. तो मे, जून व जुलै १८०३ या तीन महिन्यांच्या बोलण्यांत लागला. तेंच बोलणें आपण जरा जवळून पाहूं.

प्रथम थोडी पूर्वपीठिका. १७९५ सालीं खर्ड्याच्या मैदानांत मराठे सरदार एकत्र आले व त्यांनीं निजामास नमविलें. निजामास आपला दौलताबादचा किल्लाही देण्याचें कबूल करावें लागलें. त्या एकीचा सूत्रधार नाना फडणवीस मार्च १८०० मध्यें वारला. पुढल्याच वर्षीं यशवंतराव होळकराचा भाऊ विठोजी यास पुण्यांत हत्तीच्या पायीं देण्यांत आलें. त्याचा सूड म्हणून यशवंतराव पुण्यावर चालून आला व २५ ऑक्टोबर १८०२ रोजीं हडपसरच्या बाजूस त्यानें पेशवे व शिंदे या दोघांच्याही फौजांचा धुव्वा उडविला. दुसरा बाजीराव पळाला तो इंग्रजांच्या आश्रयास वसईला, आणि ३१ डिसेंबर १८०२ रोजीं त्यानें तहावर सही केली.

त्या तहांतील तैनाती फौजेचें कलम सर्वांना पाठ असतें: सहा पलटणी पेशव्यांनीं पोसाव्या व त्यांच्या खर्चासाठीं २६ लक्षांचा मुलूख तोडून द्यावा. परंतु विद्यार्थ्यांनीं बारकाईनें पाहावें तें दुसरेंच कलम. कोणत्याही अन्य सत्तेशीं बोलणें लावावयाचें असेल तर पेशव्यानें तें आधीं कंपनीस कळवावें व तिच्याशीं मसलत करावी; निजामाशीं चौथाईचा जो जुना वाद होता तोही कंपनीच्या निवाड्यास सोंपवावा. मुलूख गेला तर तो परत जिंकतां येतो. पण शेजाऱ्याशीं स्वतः बोलण्याचा अधिकारच दुसऱ्याच्या हातीं दिला, तर मग राजा आणि जहागीरदार यांत फरक तो काय उरला? बाजीरावानें गादी परत मिळविली, १३ मे १८०३ रोजीं तो इंग्रजी पहाऱ्यांत पुण्यांत शिरला. परंतु ज्या गादीवर तो बसला ती, तो सोडून गेला होता ती नव्हती.

आतां कोणी विचारील कीं, इंग्रजांना एवढी घाई कसली होती? येथें आपल्याला दख्खन सोडून जरा दूर पाहावें लागतें. १७९८ च्या उन्हाळ्यांत नेपोलियन मिसर देशांत उतरला, व तेथून त्याचा डोळा हिंदुस्थानावर आहे अशी दहशत लंडनपासून कलकत्त्यापर्यंत पसरली. हैदराबादेंत त्या वेळीं निजामाजवळ फ्रेंच सेनानी रेमों यानें उभारलेल्या पलटणी होत्या. खर्ड्याच्या वेळीं इंग्रज तटस्थ राहिले म्हणून निजामानें त्या वाढविल्या होत्या, हें विसरूं नये. १७९८ च्या सप्टेंबरांत गव्हर्नर जनरल मॉर्निंग्टन (पुढें मार्क्विस वेलस्ली, म्हणजे आपल्या सेनापतीचा वडील भाऊ) यानें निजामाशीं तह केला व ऑक्टोबरांत त्या पलटणी मोडल्या. पुढल्या वर्षीं टिपू पडला. १८०२ मध्यें आमिऑं येथें इंग्लंड-फ्रान्स यांचा तह झाला, परंतु तो एक वर्षभर जेमतेम टिकला. मे १८०३ मध्यें त्यांचें युद्ध पुन्हां जुंपलें, आणि पुदुचेरी ताब्यांत घेण्यास निघालेला फ्रेंच सेनापती दकां यास मॉरिशस बेटांत जाऊन बसावें लागलें. म्हणजे पुण्यांत बाजीराव गादीवर बसत होता, शिंद्यांच्या छावणींत खलबतें चाललीं होतीं, त्याच आठवड्यांत युरोपांत तोफांना बत्ती लागत होती.

ही फ्रेंच भीति खरी कीं बनावट? माझ्या मतें ती लंडनमध्यें खरी होती. कलकत्त्यांत निम्मी भीति होती व निम्मी सोय. शिंद्यांच्या कवाइती फौजेचा उत्तरेंतील मुख्य पेराँ हा फ्रेंच होता खरा. परंतु युद्ध सुरू होऊन महिना लोटला नाहीं तोंच तो शिंद्यांची चाकरी सोडून इंग्रजांच्या आसऱ्यास गेला. आणि असईस शिंद्यांच्या पलटणींचें आधिपत्य ज्या गोऱ्याकडे होतें तो पोलमन फ्रेंच नव्हताच; तो होता हॅनोव्हरचा जर्मन. हॅनोव्हर म्हणजे इंग्लंडचा राजा तिसरा जॉर्ज याचें वडिलोपार्जित संस्थान! त्याच १८०३ च्या उन्हाळ्यांत नेपोलियनच्या सैन्यानें तें गिळलें होतें. ज्याला फ्रेंच संकट म्हणून फोडावयाचें, त्याच्या अग्रभागीं इंग्लंडच्या राजाचाच प्रजाजन उभा असावा, हा इतिहासाचा विनोद मला नेहमीं मौजेचा वाटत आला आहे.

असो. शिंद्यांच्या छावणींत कर्नल कॉलिन्स हा इंग्रजांचा रेसिडेंट होता. त्यानें मे महिन्याच्या अखेरीस दौलतरावास रोखठोक प्रश्न केला: वसईच्या तहास आपण विरोध करणार कीं नाहीं? दौलतरावाची बाजू कायद्यानें लंगडी नव्हती. १७८२ चा सालबाईचा तह महादजी शिंद्यांच्या मध्यस्थीनें व जामिनकीवर झाला होता; तेव्हां पेशवे व इंग्रज यांच्यांत नवा करार होतांना जामिनदाराच्या वारसास विचारावयास नको होतें काय? हा मुद्दा त्याच्या बाजूनें मांडण्यांतही आला. परंतु त्यावर जोर द्यावयाचें सोडून दौलतरावानें जें उत्तर दिलें तें असें कीं, भोसल्यांची व माझी भेट होऊं द्या, म्हणजे तह राहतो कीं लढाई होते तें कळवीन. त्या वेळीं तो तेवीस-चोवीस वर्षांचा तरुण होता. शब्द एकदां तोंडांतून गेला, आणि कॉलिन्सनें तो कलकत्त्यास लिहून पाठविला. लढाईचा उच्चार प्रथम कोणीं केला, असें पुढें विचारलें जाई तेव्हां इंग्रजांजवळ हा कागद तयार असे.

जूनच्या आरंभीं शिंदे-भोसले भेटले. दोघांच्या फौजा निजामाच्या सरहद्दीजवळ, अजिंठ्याच्या डोंगरापलीकडे, तळ देऊन बसल्या. तिकडे वेलस्लीस त्याच्या भावानें युद्ध व तह या दोहोंचेही पूर्ण अधिकार दिले. जुलैच्या मध्यास वेलस्लीनें पत्र धाडलें: तुमचा हेतु जर शांततेचा आहे तर फौजा सरहद्दीवरून मागें न्या; तुम्ही गेलांत कीं मीही जाईन. दोघांनीं बराच वेळ घालवून उत्तर दिलें: आम्ही आमच्याच मुलुखांत उभे आहों, तथापि एक दिवस ठरवा, त्या दिवशीं तुम्ही मद्रास, श्रीरंगपट्टण व मुंबई येथें आपापल्या ठाण्यांस परत फिरा, आम्ही बऱ्हाणपुरास जातों.

वाचतांना हें उत्तर मोठें न्यायाचें दिसतें. मीं वर्गांत एकदां हात वर करावयास सांगितले, तर जवळजवळ सगळ्या वर्गानें शिंद्यांच्या बाजूनें हात वर केले. मग मीं नकाशा फळ्यावर टांगला आणि दोन मुलांच्या हातीं दोरा दिला. अजिंठ्याच्या घाटापासून बऱ्हाणपूर: दोऱ्याचें टोंक चिमटींतच राहिलें, सरळ रेषेंत तें अंतर अवघें शंभर किलोमीटरांच्या आसपास. अजिंठ्यापासून श्रीरंगपट्टण: दोरा उलगडतां उलगडतां एक मुलगा खुर्चीवरून उतरून खालीं बसला, सुमारें नऊशें किलोमीटर. म्हणजे एका पक्षानें चार-सहा मजलांवर जाऊन, तेंही दोघांनीं एकत्रच, थांबावयाचें. आणि दुसऱ्यानें आपली फौज तीन दिशांना पांगवून दोन महिन्यांच्या वाटेवर निघून जावयाचें. वर्ग गप्प झाला. वेलस्लीनें हीच गोष्ट उत्तरांत दाखविली, कॉलिन्स ३ ऑगस्टला शिंद्यांची छावणी सोडून निघाला, आणि ६ तारखेस वेलस्लीनें शिंद्यांस कळविलें कीं सर्वांच्या मानास शोभेल अशी शांतता मीं देऊं केली होती. लढाई तुम्हींच पत्करली, तिच्या परिणामांचे धनीही तुम्हींच. ८ तारखेस अहमदनगरची पेठ व १२ तारखेस किल्ला पडला.

तेवढ्यावर एका मुलीनें मागच्या बाकावरून प्रश्न टाकला, आणि तो मला त्या दिवशींचा सर्वांत चांगला प्रश्न वाटला. "पण सर, शिंदे स्वतःच्या मुलुखांत होते आणि इंग्रज दुसऱ्याच्या. मग दोरा मोजायचाच कशाला?" खरें आहे. अंतराचा हिशोब वेलस्लीच्या बाजूचा होता. पण हिशोब मागण्याचा हक्क त्याला वसईच्या तहानेंच दिला होता, आणि तो तह ज्यांच्याविरुद्ध होता त्यांना न विचारतां झाला होता. तेव्हां शिंद्यांनीं दोऱ्याच्या खेळांत उतरावयासच नको होतें. सालबाईचा कागद पुढें करून, "जामिनदारास वगळून केलेला करार आम्हांस कबूल नाहीं, त्याचा निवाडा प्रथम करा," एवढेंच एक वाक्य धरून ते बसते तर कॉलिन्सला लिहिण्यासारखें थोडें राहतें. त्याऐवजीं रोज नवें उत्तर, रोज नवा वायदा. वायदे तरी कशाकरितां? होळकर येऊन मिळेल म्हणून. होळकर त्या लढाईंत आलाच नाहीं; तो माळव्यांत शिंद्यांच्या पराभवाची वाट पाहत राहिला, आणि स्वतःची पाळी आली तेव्हां १८०४ मध्यें एकटा लढला.

वायद्यांविषयीं आणखी एक गोष्ट सांगितली पाहिजे, कारण ती पाठ्यपुस्तकांत बहुधा नसते. मराठी घोडदळाची सारी शक्ति चपळाईंत, आणि चपळाई उन्हाळ्या-हिवाळ्यांतील कोरड्या नद्यांवर अवलंबून. वेलस्लीनें हें ओळखून लिहून ठेवलें होतें कीं मराठ्यांशीं लढावें तर पावसाळ्यांत. नद्या दुथडी भरलेल्या असतांना घोडदळ अडतें, आणि आपल्याजवळ नावा असल्या म्हणजे आपण अडत नाहीं. म्हणून पावसाळा सरण्याच्या आंत त्यास निकाल हवा होता. शिंद्यांसही वेळ काढावयाचा होता. पण काढलेल्या वेळांत करावयाचें काय, हें त्यांनीं ठरविलें नव्हतें. त्यांची टाळाटाळ जुलैऐवजीं दसऱ्यापर्यंत पुरती, तर कदाचित् तिला मुत्सद्देगिरी म्हणतां आलें असतें. ती ऐन पावसांत संपली. वेलस्ली गोदावरी उतरून २९ ऑगस्टला आपल्या या शहरीं येऊन दाखल झाला.

येथेंच कॉलिन्सची व त्याची गांठ पडली. हा बुटका, जुन्या थाटाचा कर्नल वर्षानुवर्षें शिंद्यांच्या दरबारांत राहिलेला. त्यानें सेनापतीस बजावलें कीं त्यांचे घोडेस्वार तुम्ही सहज उधळून लावाल, पण त्यांचें पायदळ आणि तोफा पाहून थक्क व्हाल. भेटीहून परततांना वेलस्लीच्या मंडळींनीं म्हाताऱ्याची थट्टा केली. पंचवीस दिवसांनीं असईस त्याच तोफांनीं त्यांतील पुष्कळांचें तोंड कायमचें बंद केलें. कॉलिन्सनें शिंद्यांची छावणी पायांखालीं घालून पाहिली होती, म्हणून त्यास त्यांचें बळ ठाऊक होतें. असाच एक माणूस पुण्यास बसला होता, एक हैदराबादेंत. तीन दरबारांतील बातमी कलकत्त्यास एका मेजावर येऊन पडे.

याच्या उलट आपल्याकडे काय होतें? वकील पुष्कळ होते. पुण्याचे नागपुरास, नागपूरचे हैदराबादेस, आणि त्यांत अव्वल बुद्धीचे लोक होते. शिंद्यांच्या वतीनें डिसेंबर १८०३ मध्यें तहाचें बोलणें करण्यास विठ्ठलपंत नांवाचे वृद्ध मुत्सद्दी आले होते. त्यांच्या चेहऱ्यावर आंतलें कांहींच उमटत नसे, यावरून इंग्रज अधिकारी माल्कम यानें त्यांस एका पत्त्यांच्या डावाचें नांव ठेवलें होतें; असा चेहरा जुगाराला किती उपयोगी! पुढें अनेक वर्षांनीं फ्रान्सचा विख्यात परराष्ट्रमंत्री तालेराँ कसा काय, असें माल्कमनें विचारलें तेव्हां वेलिंग्टनचें उत्तर असें सांगतात कीं आपल्या त्या विठ्ठलपंतासारखाच, मात्र तेवढा हुशार नव्हे. तेव्हां बुद्धि आमच्याकडे नव्हती, असें कोणीं म्हणूं नये.

आमच्याकडे नव्हता तो लंडनचा दरवाजा. आमचे मुत्सद्दी इंग्रजांची छावणी ओळखत होते, इंग्रजांचें घर ओळखत नव्हते. एकदां तो दरवाजा किलकिला झाला होता. राघोबादादांनीं १७८१ च्या सुमारास हणमंतराव नांवाचा आपला वकील विलायतेस पाठविला होता. परक्या देशांत सोंवळें-ओंवळें सांभाळतांना त्याची तारांबळ उडाली, तेव्हां पार्लमेंटांतील नामांकित वक्ता एडमंड बर्क यानें आपल्या बागेंतील काचघर त्यास स्वयंपाकासाठीं मोकळें करून दिलें. हा प्रसंग आम्हांला गमतीचा वाटतो. परंतु तोच बर्क पुढें वॉरन हेस्टिंग्जवर कंपनीच्या अन्यायांबद्दल पार्लमेंटांत खटला चालविणारा मुख्य माणूस झाला, हें ध्यानांत घेतलें म्हणजे तो दरवाजा बंद होऊं देणें किती महाग पडलें तें कळतें.

कारण १८०३ सालीं लंडनमध्यें एकमत मुळींच नव्हतें. हिंदुस्थानच्या कारभारावर देखरेख करणाऱ्या मंडळाचा अध्यक्ष कॅसलरे यानें वसईच्या तहावर लांबलचक आक्षेप लिहिले: पेशव्यास हातीं धरून आपण साऱ्या मराठमंडळाचें वैर ओढवून घेत आहों, हा त्यांचा मथितार्थ. त्यांस उत्तर लिहिण्याचें काम खुद्द आर्थर वेलस्लीस करावें लागलें. कंपनीचे डायरेक्टर तर वाढत्या कर्जानें त्रासलेलेच होते. १८०५ सालीं गव्हर्नर जनरल वेलस्ली गेला, म्हातारा कॉर्नवॉलिस पुन्हां आला, आणि त्याच्या मृत्यूनंतर बार्लोनें तेंच धोरण चालविलें. त्या वर्षाच्या नोव्हेंबरांत शिंद्यांस ग्वाल्हेर व गोहद परत मिळालीं. डिसेंबरांत, अंगावर धड घोडा न उरलेल्या होळकराशीं इतक्या सौम्य अटींवर तह झाला कीं इंग्रज सेनापति लेक संतापला. दौलतरावास दोन वर्षें आधीं जर कोणी हें सांगितलें असतें, कीं राजेसाहेब, समोर उभा आहे त्याच्या पाठीमागें घरांत भांडण आहे, तर!

मी येथें स्वतःलाच अडवितों. लंडनहून पत्र जावयास व उत्तर यावयास मिळून वर्ष सहज मोडत असे; गव्हर्नर जनरलला हें ठाऊक होतें, व हुकूम येण्याच्या आंत काम उरकावयाचें ही त्याची रीतच होती. तेव्हां लंडनमधील मित्रांनीं असई टळली असती असें छातीठोकपणें सांगतां येत नाहीं. परंतु आपल्या विरोधकाला कोणाची भीति आहे, हें माहीत नसणें म्हणजे डोळे बांधून सोंगट्या खेळणें होय. आणि ज्या गृहस्थांनीं मला चौकांत प्रश्न केला ते स्वतः परगांवच्या पेढीशीं सौदा करण्यापूर्वीं त्या पेढीला कोण धनको आहेत याची चौकशी करतात, हें मला पक्कें ठाऊक आहे.

आतां आपल्या शहराविषयीं. "ही लढाई आपण कां हरलों?" असा प्रश्न एखादा विद्यार्थी करतो, तेव्हां मी विचारतों, "आपण म्हणजे कोण?" १८०३ मध्यें औरंगाबाद, ज्यास आतां छत्रपति संभाजीनगर म्हणतात, निजामाचें होतें, आणि निजाम जिंकणाऱ्यांच्या बाजूस होता. अहमदनगरची पेठ पडण्याच्या दोनच दिवस आधीं, ६ ऑगस्ट रोजीं, वृद्ध निजाम अली खान वारला व त्याचा मुलगा सिकंदर जाह गादीवर आला. असईस इंग्रजांकडून जे पडले त्यांत मद्रासकडचे शिपाई मोठ्या संख्येनें होते. शिंद्यांच्या पलटणींत गंगा-यमुनांच्या प्रदेशांतले. दोन्हीकडच्या चिता आणि कबरी या हिंदी माणसांच्याच.

जिंकणाऱ्याचा मित्र म्हणून निजामास वांटाही मिळाला. १७ डिसेंबर १८०३ च्या देवगांवच्या तहानें भोसल्यांनीं वर्धा नदीच्या पश्चिमेचा वऱ्हाड सोडला. ३० डिसेंबरच्या सुर्जी-अंजनगांवच्या तहानें शिंद्यांनीं अजिंठ्याच्या डोंगरापासून गोदावरीपर्यंतचा आपला मुलूख, जालना व गंगापूर यांसह, सोडला. हीं सारी प्राप्ति हैदराबादेच्या पदरांत पडली. पण मैत्रीचा खर्चही वाढत गेला. निजामाच्या पैशानें आणि इंग्रजांच्या हुकमतीखालीं हैदराबाद कंटिंजंट नांवाची फौज उभी राहिली, तिच्या पलटणी आपल्या छावणींतही असत. पगार थकले, कर्ज चढलें, आणि १८५३ सालीं त्या खर्चासाठीं वऱ्हाड इंग्रजांच्या ताब्यांत द्यावा लागला. सर सालारजंग यांनीं तो परत मिळविण्यासाठीं आयुष्य वेंचलें. त्यांस मात्र लंडनच्या दरवाजाचें महत्त्व कळलें होतें. १८७६ सालीं ते स्वतः विलायतेस गेले. मेजवान्या झाल्या, ऑक्सफर्डची पदवी मिळाली, वऱ्हाड मिळाला नाहीं. १९०२ मध्यें कर्झननें तो वर्षाला २५ लक्षांवर कायमच्या पट्ट्यानें घेतला. जो शत्रु म्हणून लढला त्या शिंद्यांस ग्वाल्हेर दोन वर्षांत परत मिळालें, आणि जो मित्र म्हणून उभा राहिला त्याचा वऱ्हाड गेला तो गेलाच. या दोन ओळी मुलांनीं शेजारीं शेजारीं लिहून पाहाव्या, एवढ्याचसाठीं मी तहांचीं कलमें पाठ करवितों.

असईनंतरची एक लहानशी हकीकत राहिली. वेलस्लीजवळ शेंकडों जखमी होते, पावसानें रस्ते मोडले होते, आणि जवळचें भक्कम ठिकाण म्हणजे दौलताबाद. किल्ला निजामाचा, म्हणजे दोस्ताचा. तेथील किल्लेदारानें जखमींना आंत घेण्यास साफ नकार दिला. वेलस्ली फार चिडला व त्यानें हैदराबादेस तक्रार केली. शेवटीं जखमींचें रुग्णालय अजिंठ्यास मांडावें लागलें. किल्लेदाराच्या मनांत काय होतें, कोण जाणे. धन्याचा हुकूम आला नव्हता म्हणून असेल, किंवा वारा फिरला तर काय, या विचारानें असेल. परंतु हैदराबादेंत मोहोर लागलेला १८०० सालचा तह अशा रीतीनें दौलताबादच्या दरवाजापर्यंत पोहोंचलाच नव्हता. पुढल्या सहलींत मुलांना त्या दरवाजापाशीं उभें करून ही गोष्ट सांगण्याचा माझा विचार आहे. त्या व्यापारी गृहस्थांसही मीं येण्याचें आमंत्रण दिलें आहे, आणि ते येतों म्हणाले आहेत.